दोन वेण्यांचं शून्य

आमच्या शाळेत काम वाटण्याची एकच रीत आहे. मीटिंगला जो नसेल त्याच्या गळ्यात टाकायचं. त्या दिवशी मी चष्म्याची काडी बसवायला रिसोडला गेले होते. संध्याकाळी जीपमधून उतरले तर हेडसर फाटकापाशीच उभे. चेहऱ्यावर माझ्याबद्दल एवढी आपुलकी, की काहीतरी झालंय हे मी तिथंच ओळखलं.

"मॅडम, तुमचं नाव पाठवलं वाशिमले."

"कायले?"

"पोट्ट्याइच्या मनासाठी काही तरी योजना हाय. दोन दिवसाचं ट्रेनिंग. जेवन चांगलं राह्यते म्हनतात."

जेवण खरंच चांगलं होतं. योजना अशी होती, की शाळेतल्या ज्या मुलाला आतून काही टोचतंय, त्यानं ते आधी आपल्याच वयाच्या मुलाजवळ बोलायचं. वर्गातून अशी दोन मुलं निवडायची, त्यांना 'सोबती' म्हणायचं. सोबत्यानं नुसतं ऐकायचं. सल्ला द्यायचा नाही, ऐकलेलं कुणाला सांगायचं नाही, आणि जिवावरचं काही असेल तरच शिक्षकांकडे यायचं. मी बावीस वर्षं गणित शिकवते. यातली एकही गोष्ट मी आजवर केलेली नव्हती.

शिकवणाऱ्या बाई पुण्याकडच्या, फार गोड बोलणाऱ्या. त्यांनी आमच्या जोड्या लावल्या. एकानं दुःखी व्हायचं, दुसऱ्यानं ऐकायचं. माझ्या वाट्याला मानोऱ्याकडचे एक सर आले. ते म्हणाले, रात्री झोप लागत नाही. मी त्यांना मिनिटभरात चहा सोडायला सांगितलं, वाशिममधल्या एका डॉक्टरांचा पत्ता दिला आणि घरच्या भांडणात त्यांच्या बायकोचंच कसं बरोबर आहे हेही पटवून दिलं. सर खोटंखोटं दुःखी होते ते खरोखरचे झाले.

"ताई, तुम्ही नुसतं ऐका ना," बाई म्हणाल्या.

"ऐकूनच तर सांगतेय!" मी म्हणाले.

शुक्रवारी मी ऐकण्याचं प्रमाणपत्र घेऊन परत आले आणि पुढच्याच बुधवारी नववीच्या फळ्यावर ते शून्य काढलं.

चाचणीचे पेपर द्यायचे होते. खिडकीकडच्या दुसऱ्या बाकावर एक मुलगी बसायची. लाल रिबिनीच्या दोन वेण्या, तोंडातून शब्द नाही, आणि गणितं मात्र स्वतःच्याच रीतीनं सोडवायची. मी शिकवलेल्या सहा पायऱ्यांचं गणित ती तीन पायऱ्यांत उरकायची, आणि ते बरोबर यायचं. तिचा पेपर कोरा होता. अर्धं गणित वर, खाली सगळं पांढरं. मला राग आला. राग मला पटकन येतो, आणि राग आला की विनोद सुचतात. माणसात यातली एकच गोष्ट असेल तर निभतं. मी फळ्यावर परातीएवढं शून्य काढलं. त्याला डोळे काढले, नाक काढलं. तरी समाधान होईना, म्हणून दोन्ही बाजूंनी वेण्या सोडल्या आणि लाल खडूनं रिबिनी बांधल्या. वर्ग असा हसला की बाकं हलली. ती पण हसली. ती हसली होती, ही गोष्ट मी पुढं बरेच दिवस स्वतःला सांगत होते.

वेण्यांचं शून्य मग गावभर उगवलं. बाकांवर, हापशीवर, पाण्याच्या टाकीवर. शिरपूरहून येणाऱ्या एसटीच्या मागच्या काचेवरच्या धुळीतही कुणीतरी बोटानं काढलेलं. कंपाउंडच्या भिंतीवर कोळशानं काढलेलं दिसलं तेव्हा मी दोन पोरांना पकडून भिंत घासायला लावली आणि ओरडले, "हे घाणेरडं चित्र कोणाच्या डोक्यातून निघालं रे?" दोघांनी एकमेकांकडे पाहिलं, मग माझ्याकडे. पोरं सभ्य होती म्हणून काही बोलली नाहीत.

ती मुलगी शाळेत येईनाशी झाली. एक दिवस, चार दिवस, आठ दिवस. मी तिच्या घरी गेले. गावाच्या कडेला घर, अंगणात सोयाबीनची गंजी. आई म्हणाली, पोट दुखते. कोणतं पोट आठ दिवस दुखतं, असं मी विचारणार होते, तेवढ्यात तिनंच सांगितलं, "तिच्या बापानं सांगतलं हाय, दिवाई पावतर शायेत नाई गेली तं नाव काढून टाकू. घरी बसंन." मुलगी आतल्या खोलीत होती. बाहेर आली नाही.

आता माझ्या हातात योजना होती, प्रमाणपत्र होतं आणि दिवाळीला दीड महिना होता. मी कामाला लागले. शून्य आणि पोटदुखी यांचा काही संबंध असेल, हे मात्र माझ्या डोक्यात आलं नाही. गणिताच्या बाईंच्या डोक्यात.

सोबती मुलांनीच निवडायचे, असा नियम होता. मी वर्गात चिठ्ठ्या वाटल्या: तुम्हाला वाईट वाटलं तर कुणाला सांगाल? मॉनिटर निवडून येईल असं मला वाटलं होतं. मॉनिटरला एक चिठ्ठी मिळाली, अक्षर त्याचंच. निवडून आले ते दोघं वेगळेच. एक मुलगी, बाजारगल्लीतल्या मनियाराची. तिची आई बांगड्या भरते, वडील आठवडी बाजारात पेट्या घेऊन फिरतात. दुसरा मुलगा शेजारच्या तांड्यावरचा. त्याचे आजोबा तांड्याचे नायक, म्हणजे तांड्यावर भांडण झालं की दोन्ही बाजू ज्यांच्यासमोर बसतात ते.

खिचडीच्या खोलीमागं एक ओटा आहे. तिथं मधल्या सुट्टीत दोघांनी बसायचं असं ठरलं. मी सुरेख पाटी रंगवून लावली: 'इथे मन मोकळे करा.' दोघं आठ दिवस बसले. मन मोकळं करायला एक कुत्रं आलं, ते खिचडीच्या वासानं.

नवव्या दिवशी बांगडीवाली माझ्याकडे आली. "मॅडम, ते पाटी काढा."

"काहून?"

"पाटी वाचून कोनी रडाले येते काय? माही अम्मी बांगड्या भरते न, तं बाया सगळं सांगतात तिले. सासू, नवरा, समदं. अम्मी इचारतच नाई. हात हातात घेते अन् हाताकडं पाह्यते. तोंडाकडं पाह्यलं की बाई गप होते."

दुसऱ्या दिवशी तिनं घरून न खपलेल्या काचेच्या बांगड्यांची पेटी आणली. ओट्यावर बसून ती मुलींच्या हातात बांगड्या भरायची, परत काढायची, परत भरायची. हात चेपत, अंगठा आत दुमडत, मान खाली. मुली रांगेत बसू लागल्या. एकेकीला दहा मिनिटं लागायची आणि उठताना तिचे डोळे पुसलेले असायचे. ट्रेनिंगच्या बाईंनी दोन दिवसांत जे शिकवलं ते या पोरीला पेटीबरोबर घरातूनच मिळालं होतं. मला थोडं लागलं ते.

पोरांच्या हातात बांगड्या भरता येत नव्हत्या, म्हणून त्यांचं खातं नायकाच्या नातवाकडे गेलं. त्याला नुसतं ऐकणं मान्य नव्हतं. एकाचं ऐकलं की दुसऱ्याचंही ऐकलं पाहिजे, आणि दोघांचं ऐकलं की निकाल दिला पाहिजे, असं त्याचं म्हणणं. चपला लपवणाऱ्याला त्यानं फुटाण्यांचा दंड केला. फुटाणे सगळ्यांत वाटले गेले. मग काय, ओट्यावर एवढी भांडणं येऊ लागली की काही पोरं मुद्दाम एकमेकांच्या चपला लपवून आलेली असायची. त्यानं ते ओळखलं आणि दंड बदलला: चुकणाऱ्यानं आठ दिवस समोरच्याचं दप्तर उचलायचं. भांडणं एकदम कमी झाली. एका पोराचा बाप त्याला मोठ्या भावावरून घालूनपाडून बोलायचा. त्या बापालाही ओट्यावर बोलावणं गेलं होतं. तो सोयाबीन घेऊन रिसोडच्या मार्केटला गेला होता म्हणून वाचला. पीटीचे सर पोरांच्या कानात शिट्टी वाजवतात म्हणून त्यांनाही बोलावलं. ते गेले, आणि आठ दिवस एका सहावीतल्या पोराचं दप्तर घेऊन हिंडले. त्यांना ते आवडलेलं दिसलं.

मी ट्रेनिंगच्या बाईंना फोन केला. "अहो, इथं ऐकणं कमी आणि न्यायनिवाडाच जास्त चाललाय!"

त्यांनी विचारलं, "मुलं येतात का ताई?"

"येतात म्हणजे? रांगा लागतात."

"मग असू द्या," त्या म्हणाल्या. त्यांच्या आवाजात मला हसू ऐकू आलं.

माझं लक्ष मात्र त्या रिकाम्या जागेकडं. एक दिवस बांगडीवालीला मी म्हणाले, तू तिच्या घरी जा. ती गेली, पेटी घेऊन. दुसऱ्या दिवशीही गेली. तिसऱ्या दिवशी मी तिला स्टाफरूममध्ये बोलावलं.

"काय म्हणते? लग्नबिग्न ठरवून राह्यले काय तिचं? घरी कोणी त्रास देते काय?"

"मॅडम, ते नाई सांगत मी."

"अगं, मी तिची वर्गशिक्षिका आहे!"

"तुमीच सांगतलं व्हतं, कोनाले सांगाचं नाई म्हनून. जिवावरचं नाई हाय. असतं तं सांगतलं असतं."

मी रागावले. गोड बोलून पाहिलं, पुन्हा रागावले. माझ्याच शिकवणीनं माझंच तोंड बंद करणारी ती पहिली विद्यार्थिनी. "सबर ठेवा मॅडम," असं मलाच सांगून ती तासाला निघून गेली. मी मनातल्या मनात त्या मुलीचं लग्न ठरवलं, मोडलं, बापाला दारू पाजली, आईला आजारी पाडलं. सगळ्या शक्यता तपासल्या. एक सोडून.

दिवाळीच्या सुट्ट्यांना दोन आठवडे उरले होते. शुक्रवारी नायकाचा नातू दारात येऊन उभा राहिला. हात मागं, मान ताठ.

"मॅडम, उद्या सकायची शाया सुटल्यावर ओट्यावर या."

"कोणाचं प्रकरण आहे?"

"तुमचंच."

मी हसले. त्याचा चेहरा हलला नाही. मला रात्रभर आठवत राहिलं, मी कुणाचं काय केलं असेल. यादी फार लांब निघाली आणि त्यानं आणखीच झोप उडाली.

शनिवारी गेले. ओट्यावर ती बसली होती. दीड महिन्यानं मी तिला पाहत होते. पाठ अर्धी माझ्याकडे, आणि तिचा हात बांगडीवालीच्या हातात. खिचडीच्या खोलीच्या खिडकीत हेडसर ताटली घेऊन उभे होते, आपण जेवत आहोत असं दाखवत.

"चपला काढा, मॅडम," नातू म्हणाला. "खाली बसा. बसाचं असं, की समोरच्याचं पुरं झाल्याबिगर बोलाचं नाई. माहा आजा असंच करते. पयले तिचं नाव सांगा."

एवढं तर सोपं होतं. मी नाव सांगितलं.

बांगडीवालीचे हात थांबले. मग ती मुलगी पाठ न वळवता हळूच म्हणाली, "ते माही मोठी बहीण होय, मॅडम."

खरंच, तिच्या मोठ्या बहिणीला मी दोन वर्षांपूर्वी शिकवलं होतं. हिचं नाव मला आठवेना. तीन पायऱ्यांत गणित सोडवते हे आठवत होतं, रिबिनी आठवत होत्या, नाव नाही. मी चष्मा काढून पुसायला घेतला. पुसून तरी काय आठवणार होतं.

मग ती बोलू लागली. बांगडीवाली बांगड्या भरत होती आणि ती तिच्याशी बोलावं तशी, आपल्या हाताकडे पाहत बोलत होती. "त्या दिवशी मले समदं येत व्हतं. पयल्याच गनितात पेन बंद पडला. मागू कोनाले? मॅडमनं सांगतलं व्हतं, मान हालली तं पेपर घेईन. मी मान नाई हालवली."

माझं तोंड उघडलं. नातवानं हात वर केला. "मॅडम, तिचं व्हाचं हाय आणखी."

"मॅडमनं थे काढलं अन् पुसून टाकलं. दोन मिनिटाचं काम. माह्या मांगं दीड महिना झाला. हापशीवर गेली तं तिथं हाय. दुकानात गेली तं दुकानदाराचं पोट्टं काढून दाखवते. माह्या लहान्या भावानं घरी चुलीजवळ काढलं, तं बाबा हासले. मी पन हासली. मले काय करू समजलंच नाई."

मी पुन्हा बोलू पाहिलं. मला सांगायचं होतं की माझा तसा हेतू नव्हता, की तुझ्याकडून अपेक्षा होती म्हणूनच राग आला, की पेन तर माझ्याजवळ चार होते. नातवाचा हात पुन्हा वर झाला. मी बसून राहिले. फरशी तापली होती, पायाला मुंग्या आल्या होत्या आणि ऐकण्याशिवाय करायला काही नव्हतं. बावीस वर्षांत मी एवढा वेळ कुणाचं ऐकलं नव्हतं. मला लाज वाटत होती, आणि त्या भिंत घासणाऱ्या दोन पोरांचे चेहरे डोळ्यांपुढून हलत नव्हते.

"आता तुमी बोला," नातू म्हणाला.

एवढं सगळं तयार केलेलं, त्यातलं काहीच निघालं नाही. "चुकलं माझं," मी म्हणाले, आणि मला रडू आलं.

"रडू नका मॅडम," नातू घाईनं म्हणाला, "दंड बाकी हाय."

त्याच्या मते आठ दिवस दप्तर उचलणं योग्य होतं. पीटीच्या सरांचा दाखला होताच. खिडकीतून हेडसरांनी मान डोलावली. पण तिनं नको म्हटलं. ती म्हणाली, "मॅडमनं हजेरी नावानं घ्यावी. समद्याइची. पूर्न नावानं."

मी हजेरी नंबरानं घेते. चोपन्न मुलं, दोन मिनिटांत आटपतं. तिचा नंबर एकतीस. तो मला पाठ होता.

"अन् तू येशीन काय?" मी विचारलं.

"थे मी पाहीन," ती म्हणाली.

रविवारी मी मेथी निवडता निवडता चोपन्न नावं वडिलांच्या नावांसकट पाठ केली. नवरा आतबाहेर करत ऐकत होता. शेवटी म्हणाला, "कोनाच्या पत्रिका वाटाच्या हायेत काय?" मी त्याला काही सांगितलं नाही. ऐकलेलं कुणाला सांगायचं नसतं.

सोमवारी नावानं हजेरी घेतली. पोरांना गंमत वाटली. कुणाच्या आजोबांच्या वेळचं नाव निघालं की हशा पिकायचा. तिचं नाव घेतलं, उत्तर आलं नाही. नंबर गैरहजर असला की पुढचा नंबर येतो. नाव गैरहजर असलं की वर्ग थोडा थांबतो, हे मला तेव्हा समजलं. मंगळवारी घेतलं. बुधवारी घेतलं. रोज त्या नावाशी मी थांबायचे, सगळी पोरं दाराकडे पाहायची, आणि मी पुढं जायचे. सुट्ट्यांना आठवडा उरला होता.

गुरुवारी वर्गात शिरले आणि रजिस्टर उघडून थेट सुरुवात केली. खिडकीकडच्या दुसऱ्या बाकाकडे पाहायचं धाडस झालं नाही. नावामागून नावं घेत गेले. तिचं नाव आलं. ते मी घेतलं आणि खाली बघत थांबले.

"मॅडम," शेवटच्या बाकावरून आवाज आला, "जोरात घ्या. मांगं आइकू येत नाई."

मी वर पाहिलं. ती बांगडीवालीच्या शेजारी बसली होती. दोन्ही वेण्या लाल रिबिनीच्या, तशाच.

माझा आवाज ऐकू येत नाही, अशी तक्रार आजवर कुणी केली नव्हती. मी रजिस्टर टेबलावर ठेवलं आणि तिचं नाव पुन्हा घेतलं, वडिलांच्या नावासकट, आडनावासकट, पार खिचडीच्या खोलीपर्यंत जाईल असं.

"हजर," ती म्हणाली.